शब्दवेध : राजीनामा

‘राजीनामा’ म्हटले की मराठी माणसाला मंत्र्याची खुर्ची आठवते. शब्दाचा मूळ अर्थ मात्र कोर्टातल्या समेटाशी जुळतो. अरबी ‘राज़ी’ म्हणजे संतुष्ट, कबूल. फारसी ‘नामा’ म्हणजे लेख. राजीनामा म्हणजे संमतीचा लेख. हिंदी पट्ट्यातल्या कोर्टांत आजही वादी-प्रतिवादींच्या तडजोडीला ‘राज़ीनामा’च म्हणतात, पद सोडायला तिथे ‘इस्तीफ़ा’ लागतो.

मराठीत अर्थ सरकला कसा? मुंबई इलाख्याच्या महसुली दप्तरात त्याचा एक धागा सापडतो. जमीन सोडणारा खातेदार ‘राजीनामा’ लिहून देई आणि घेणारा ‘कबुलायत’. संमती सोडण्याची होती, म्हणून सोडणे हाच अर्थ चिकटला असावा.

आपल्या दिवाणी कोर्टांत समेटासाठी आता ‘तडजोड पुरसिस’, म्हणजे तडजोडीचे लेखी निवेदन, दाखल होते. 1908 च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश 23, नियम 3 नुसार तडजोड कायदेशीर, लेखी आणि पक्षकारांच्या सह्यांची असावी लागते. न्यायाधीशांची खात्री पटली की तिच्यावरून हुकूमनामा होतो. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर कलम 96(3) अन्वये अपील नाही. एकदा राजी झालात, की नाराजीला वाव फारच थोडा!