मंडळात कोण बसणार?

वर्धा म्हटले की शिक्षणाच्या इतिहासात ऑक्टोबर 1937 ची परिषद आठवते. महात्मा गांधींच्या अध्यक्षतेखालील त्या परिषदेने नई तालीमसाठी जी समिती नेमली, तिचे अध्यक्ष डॉ. झाकिर हुसेन होते. एवढे आम्ही उर्दू माध्यमाचे शिक्षक बी.एड.ला शिकलो. पण हेच झाकिर हुसेन 1948 मध्ये अलीगढ मुस्लिम विद्यापीठाचे कुलगुरू झाले आणि त्यांच्या कारकीर्दीत, 1951 साली, विद्यापीठाच्या कायद्यात झालेली दुरुस्ती पुढे सर्वोच्च न्यायालयात गाजली, हे आम्हाला कोणी शिकवले नाही. त्या खटल्याच्या मुळाशी साधा प्रश्न होता: संस्थेच्या कारभारी मंडळात कोण बसणार आणि त्यांना नेमणार कोण?

1920 च्या कायद्याप्रमाणे अलीगढचे सर्वोच्च मंडळ म्हणजे 'कोर्ट'. त्याचे सभासद फक्त मुसलमान असत. 1951 मध्ये ही अट गेली. 1965 च्या दुरुस्तीने कोर्टाचे सर्वोच्चपणही गेले आणि कारभाराची सूत्रे कार्यकारी परिषदेकडे आली. याविरुद्ध अझीझ बाशा व इतर न्यायालयात गेले. घटनेचे 30 वे कलम अल्पसंख्याकांना शिक्षणसंस्था स्थापण्याचा आणि चालवण्याचा हक्क देते, हा त्यांचा आधार. 1967 मध्ये निकाल विरोधात गेला. विद्यापीठ केंद्राच्या कायद्याने स्थापन झाले, मुसलमानांनी स्थापले नाही, म्हणून ते चालवण्याचा हक्कही त्यांना नाही, असे न्यायालयाने ठरवले.

तीनच वर्षांनी दुसरा निकाल आला आणि तो देणारे आपल्या विदर्भाला परके नव्हते. न्या. मोहम्मद हिदायतुल्ला नागपूरच्या मॉरिस कॉलेजात शिकले, नागपुरातच वकिली केली आणि 1954 ते 1956 या काळात नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते. 1970 मध्ये भारताचे सरन्यायाधीश म्हणून त्यांच्यापुढे केरळमधील ख्रिस्ती महाविद्यालयांचा मामला आला. केरळ विद्यापीठ कायदा, 1969 प्रमाणे खासगी महाविद्यालयाच्या नियामक मंडळात अकरा सभासद असणार होते. त्यांत विद्यापीठाचा आणि सरकारचा माणूस बसणार होता आणि कारभार संस्थापकांच्या हातून या मंडळाकडे जाणार होता. हिदायतुल्लांनी स्पष्ट लिहिले की कारभार संस्थापकांच्या किंवा त्यांनी नेमलेल्या माणसांच्या हाती राहिला पाहिजे. शिक्षणाचा दर्जा राखण्यासाठी सरकार नियम करू शकते, पण त्या नावाखाली मंडळच काढून घेऊ शकत नाही.

1974 मध्ये अहमदाबादच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या खटल्यात नऊ न्यायमूर्तींपुढे हाच प्रश्न आला. गुजरातच्या कायद्याने मंडळात कुलगुरूंचा प्रतिनिधी घेणे सक्तीचे केले होते. ही सक्ती अल्पसंख्याकांच्या महाविद्यालयांना लागू होणार नाही, असा निर्णय झाला. 2002 च्या टी.एम.ए. पै खटल्यात तर नियामक मंडळ बनवणे हा संस्था चालवण्याच्या हक्काचाच भाग मानला गेला. आणि 8 नोव्हेंबर 2024 रोजी सात न्यायमूर्तींच्या पीठाने चार विरुद्ध तीन मतांनी अझीझ बाशाचा निकाल रद्द ठरवला. अलीगढच्या दर्जाचा अंतिम निर्णय मात्र दुसऱ्या पीठाकडे सोपवला.

म्हणजे बाहेरून होणाऱ्या नेमणुकांविरुद्ध आपल्या हाती भक्कम निकाल आहेत. पण आमच्या पाहण्यात आपल्या संस्था बाहेरच्यांपेक्षा घरच्या भांडणाने जास्त खिळखिळ्या झाल्या. महाराष्ट्रात संस्था सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, 1950 खाली नोंदलेली असते. मंडळ बदलले की कलम 22 प्रमाणे 90 दिवसांत धर्मादाय कार्यालयात चेंज रिपोर्ट द्यावा लागतो. तो दिला जात नाही, किंवा दोन गट दोन वेगवेगळे रिपोर्ट देतात. मग सुनावणी, मग धर्मादाय आयुक्तांकडे अपील, मग न्यायालय. तोवर संस्थेला दोन अध्यक्ष, दोन सचिव आणि दोन शिक्के! मुख्याध्यापकाने कोणाचे पत्र मानायचे? नव्या शिक्षकाच्या नेमणुकीवर सही कोणाची? वर्षे जातात, मुले शिकून निघून जातात, फाइल जागेवरच राहते.

अशा भांडणात 30 वे कलम कामी येत नाही. दोन्ही बाजू आपल्याच, दोघांचाही दावा कौमच्या खिदमतीचा. तिथे न्यायालय पाहते ते सभासदांचे रजिस्टर, सभेची नोटीस, गणसंख्या आणि इतिवृत्तावरच्या सह्या.

महाविद्यालयाच्या पातळीवर शिक्षकांना आवाज आहे. 1994 च्या विद्यापीठ कायद्यात स्थानिक व्यवस्थापन समिती होती, 2016 च्या कायद्यात कलम 97 प्रमाणे महाविद्यालय विकास समिती आली. तिच्यात शिक्षकांनी निवडलेले प्रतिनिधी बसतात. शाळा असो की कॉलेज, आम्ही शिक्षकांनी आणि पालकांनी एवढे तरी विचारावे: संस्थेचे सभासद किती आहेत, शेवटची निवडणूक कधी झाली, चेंज रिपोर्ट मंजूर आहे का? हिदायतुल्लांनी संस्थापकांचा जो हक्क राखला, तो सालोसाल टिकतो या कागदांवर. ते नीट ठेवणे हीसुद्धा तालीमचीच खिदमत आहे.