गोदातीराहून गंगातीरी : काशीचा नदीकाठ आणि मराठी परंपरा

पैठणचा किंवा नाशिकचा रहिवासी ‘गंगेला पूर आला’ असे म्हणतो, तेव्हा त्याच्या मनात हिमालयातून उतरणारी नदी नसते. तो गोदावरीविषयी बोलत असतो. गोदाकाठचा प्रदेश मराठीत ‘गंगथडी’ म्हणून ओळखला जातो आणि संत जनाबाईंच्या परंपरेशी जोडलेले गंगाखेड हे गोदावरीवरचे गाव आहे. या नामसाम्यामागे गौतम ऋषींनी गंगेला त्र्यंबकेश्वरी आणल्याची कथा आहे. ब्रह्मपुराणातील गौतमी माहात्म्याने ती सविस्तर सांगितली. दक्षिणेतल्या नदीला उत्तरेतल्या नदीचे नाव मिळाल्याने मराठी भाषकाला दारातच गंगा लाभली. असे असूनही तो शतकानुशतके काशीला जात राहिला, तेथे राहिला, तेथे त्याने घाट बांधले आणि ग्रंथ लिहिले. जवळची गंगा पुरेशी असताना दूरची गंगा का हवी, या प्रश्नाची उत्तरे मराठी परंपरेने निरनिराळ्या काळी निरनिराळी दिली. वाराणसीचा नदीकाठ हे त्या उत्तरांचे एक मोठे दप्तरच आहे.

या काठाची भौगोलिक घडण प्रथम ध्यानात घ्यावयास हवी. सुमारे 2,525 किलोमीटरच्या प्रवासात गंगेचा एकूण कल आग्नेयेकडे आणि पूर्वेकडे आहे. वाराणसीपाशी मात्र ती वळून उत्तरेकडे वाहते. ‘उत्तरवाहिनी’ या विशेषणाचे धार्मिक माहात्म्य या वळणातून आले. वळणाचा बाहेरचा, म्हणजे पश्चिमेचा काठ चिकणमाती आणि कंकर यांच्या उंच धारेवर उभा आहे. त्यामुळे प्रवाहाच्या माऱ्याला तो बराच काळ तोंड देऊ शकला. समोरचा पूर्वकाठ सखल आणि वाळूचा, पावसाळ्यात पाण्याखाली जाणारा, म्हणून वस्तीविना राहिला. अस्सी आणि वरुणा यांच्या दरम्यान सहा-सात किलोमीटर पसरलेली घाटांची चंद्रकोर याच भूरचनेवर आधारलेली आहे. नदीच्या पाणीपातळीत उन्हाळा आणि पावसाळा यांमध्ये फार मोठा फरक पडतो. 1978 च्या सप्टेंबरात ती 73.901 मीटरपर्यंत चढली होती. पायऱ्यांची उंच उतरंड ही शोभेची बाब नव्हे. पाणी कोठेही असो, माणसाला पाण्यापर्यंत पोहोचता यावे, ही तिची मूळ गरज आहे.

या काठाशी मराठी विद्वत्तेचा दृढ संबंध सोळाव्या शतकात जुळला, आणि तोही पैठणमार्गे. पैठणच्या भट्ट घराण्यातील रामेश्वरभट्ट काशीला स्थायिक झाले. त्यांचे पुत्र नारायणभट्ट हे त्या शतकातील काशीच्या पंडितसभेचे अग्रणी ठरले. कमलाकरभट्टांचा 1612 चा ‘निर्णयसिंधु’ याच घराण्यातला, आणि 1674 मध्ये रायगडावर शिवछत्रपतींचा राज्याभिषेक करणारे गागाभट्टही याच कुळातले. नारायणभट्टांचा ‘त्रिस्थलीसेतु’ हा प्रयाग, काशी आणि गया या तीन तीर्थांच्या यात्राविधीचा संस्कृत ग्रंथ. त्यातील एक निर्णय साहित्याच्या अभ्यासकांनीही विचारात घेण्याजोगा आहे. परकीय सत्तेमुळे विश्वेश्वराचे लिंग हलविले गेले, तर त्या जागी जे लिंग असेल त्याची पूजा करावी. तेही नसेल तर त्या स्थानाचीच पूजा करावी, असे प्रतिपादन त्यांनी केले. मूर्ती बदलू शकते, नष्ट होऊ शकते, स्थान टिकते. विस्थापनाच्या काळात लिहिणाऱ्या शास्त्रकाराची ही व्यवहारदृष्टी होय. पुढे 1585 च्या सुमारास तोडरमलच्या आश्रयाने विश्वेश्वराचे मंदिर पुन्हा उभे राहिले, त्यामागेही नारायणभट्टांची प्रेरणा सांगितली जाते.

मात्र स्थानच सर्वस्व मानले, तर गोदावरीला गंगा म्हणण्याचा आधारच डळमळीत होतो. या पेचाला त्याच शतकात, त्याच पैठणहून आलेल्या दुसऱ्या ग्रंथकाराने वेगळ्या बाजूने हात घातला. एकनाथांनी ‘रुक्मिणीस्वयंवर’ शके 1493 मध्ये, म्हणजे 1571 साली, काशीत पूर्ण केले. भागवताच्या एकादश स्कंधावरील विशाल मराठी टीका पैठणला सुरू करून शके 1495 च्या कार्तिकी पौर्णिमेला, 1573 मध्ये, काशीतच पूर्ण केली. समाप्तीचे स्थळ त्यांनी ग्रंथातच नोंदविले आहे. मणिकर्णिकेच्या तीरावर, संस्कृत पांडित्याच्या राजधानीत, देशी भाषेतील भागवत पूर्णत्वास गेले. पंडितांनी आधी आक्षेप घेतला आणि शेवटी ग्रंथाची मिरवणूक काढली, ही पुढील चरित्रकारांनी रंगविलेली कथा ऐतिहासिक कसोटीवर कितपत टिकते, हा निराळा विषय. तिचे खरे मोल असे की, मराठी समाजाला आपल्या भाषेच्या मान्यतेसाठी गंगातीराची साक्ष हवी होती, हे तीतून कळते. तुलसीदासांच्या अवधी रामचरितमानसाविषयीही काशीत अशाच परीक्षेच्या आख्यायिका रूढ आहेत. एकाच नगरात, जवळपास एकाच काळात, दोन देशी भाषांनी एकाच न्यायासनापुढे उभे राहावे, ही घटना तौलनिक अभ्यासासाठी अद्याप पुरती वापरली गेलेली नाही.

एकनाथांविषयीची दुसरी आख्यायिका याहून बोलकी आहे. काशीहून गंगोदकाची कावड रामेश्वराला नेताना गोदावरीच्या तापलेल्या वाळवंटात तहानेने तडफडणारे गाढव दिसले आणि एकनाथांनी ते पाणी त्याला पाजले, असे चरित्रपरंपरा सांगते. महीपतींच्या लेखणीने ती घराघरांत पोहोचली. दयाबुद्धीचा धडा म्हणून ती शालेय पुस्तकांत स्थिरावली. पण तिची भौगोलिक योजना सहसा लक्षात घेतली जात नाही. उत्तरेची गंगा येथे दक्षिणेच्या ‘गंगे’च्या पात्रात रिकामी होते. देवाच्या अभिषेकासाठी निघालेले पाणी ज्या क्षणी जिवाच्या तहानेला लागते, त्या क्षणी तीर्थ कोणते आणि काठ कोणता हा भेद मागे पडतो. नारायणभट्टांनी स्थान राखले, तर या कथेने पाण्याला स्थानातून मुक्त केले.

अठराव्या शतकात चित्र पालटले. आता विद्वानांच्या मागोमाग सत्ता काठावर आली, पण तीही अपुरी. काशी आणि प्रयाग आपल्या ताब्यात यावे ही पेशव्यांची दीर्घकालीन इच्छा होती. ती सफल झाली नाही. नगर अवधच्या नवाबाच्या अमलाखाली राहिले आणि 1775 मध्ये ईस्ट इंडिया कंपनीकडे गेले. जे राज्य हाती येऊ शकले नाही, त्याचा नदीकाठ मात्र मराठ्यांच्या पैशाने आकारास आला. पेशव्यांना गुरुस्थानी असलेले नारायण दीक्षित पाटणकर यांच्या प्रयत्नांतून ब्रह्माघाट आणि दुर्गाघाट उभे राहिले, आणि या भागातील मराठी वस्तीचा पाया तेव्हाच घातला गेला. पंचगंगेवरील बिंदुमाधवाचे भव्य मंदिर औरंगजेबाच्या काळात पाडले जाऊन तेथे मशीद उभी राहिली होती. आज शेजारी असलेले साधे मंदिर औंधच्या पंतप्रतिनिधींच्या आश्रयाचे. अहिल्याबाई होळकरांनी 1777 च्या सुमारास विश्वेश्वराचे विद्यमान मंदिर बांधले, तेही मूळ जागेवर नव्हे, तर ज्ञानवापीलगत. नारायणभट्टांच्या निर्णयाची आठवण येथे अपरिहार्यपणे होते. नागपूरकर भोसल्यांचा घाट, अमृतराव पेशव्यांशी निगडित राजाघाट आणि गणेशघाट ही नावे काठाने चालणाऱ्याला एकामागोमाग भेटतात. इतिहासकार यास औदार्य म्हणतात. राजकीय अपयशाची भरपाई, असेही त्याचे वर्णन करता येईल. दोन्ही गोष्टी एकाच दगडात असू शकतात.

नदीने सगळ्यांनाच मानले असे नाही. ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे यांनी 1828 मध्ये ज्ञानवापीभोवती स्तंभमंडप उभारला आणि 1830 च्या सुमारास शिंदेघाट बांधविला. त्याचे बांधकाम इतके जड होते की काठाची जमीन खचून घाट पाण्यात गेला; पुढे विसाव्या शतकात त्याची पुनर्बांधणी झाली. शेजारचे कललेले रत्नेश्वर मंदिर आजही पाण्यात पाय सोडून उभे आहे. वळणाच्या बाहेरच्या बाजूला प्रवाह तळ पोखरतो, हे भूगोलाचे सत्य राजवैभवापुढे नमले नाही.

घाटांच्या यादीत न येणारा एक मराठी प्रयत्न काशीच्या पूर्वेस आहे. गयेच्या वाटेवर कर्मनाशा नदी आडवी येते. कैमूरच्या डोंगरात उगम पावून ती चौसाजवळ गंगेला मिळते. तिच्या पाण्याचा स्पर्श झाला तरी संचित पुण्य नाहीसे होते, असा समज. गंगेत स्नान करून गयेला निघालेल्या यात्रेकरूला तिच्यावरून कोरडे जाणे भाग होते. नाना फडणविसांनी येथे दगडी पुलाचे काम हाती घेतले होते, ते पुरे झाले नाही. अखेर जेम्स प्रिन्सेप यांच्या आराखड्यानुसार आणि राय पटनीमल यांच्या द्रव्याने 1831 च्या सुमारास पूल झाला. नारायणभट्टांनी काशी आणि गया यांच्यामध्ये ग्रंथाचा सेतू घातला होता. पुण्याच्या कारभाऱ्याला त्याच अंतरावर दगडाचा सेतू हवा होता. गंगेचे माहात्म्य तिच्या या उपनदीच्या बदनामीशिवाय पुरते समजत नाही.

पेशवाई गेल्यावर काशी मराठी पदच्युतांचे निवासस्थान झाली. दुसऱ्या बाजीरावांचे बंधू चिमाजीअप्पा येथे राहिले. त्यांच्या आश्रयास असलेल्या मोरोपंत तांबे यांच्या घरी जन्मलेल्या मुलीचे नाव घाटावरूनच मणिकर्णिका ठेवले गेले. तीच पुढे झाशीची राणी लक्ष्मीबाई झाली. तिच्या झाशीचा पाडाव प्रत्यक्ष पाहणाऱ्या विष्णुभट गोडसे यांचा ‘माझा प्रवास’ हा ग्रंथ 1907 मध्ये चिं. वि. वैद्य यांनी प्रसिद्ध केला. द्रव्यार्जनासाठी वरसईहून निघालेला हा भिक्षुक लुटला गेला, आणि घरी परतला तो खांद्यावर गंगेची कावड घेऊन. बंडाच्या धुमाळीत संपत्ती गेली, पाणी तेवढे शाबूत राहिले. त्या कावडीचे पाणी वृद्ध आईवडिलांसाठी होते. अभ्यासक या ग्रंथाकडे 1857 चे साधन म्हणून पाहतात, ते योग्यच. परंतु त्याची बांधणी तीर्थयात्रेची आहे, आणि शेवटही युद्धाचा नसून गंगोदकाचा आहे.

रेल्वेने कावडीचे युग संपविले. 1887 मध्ये राजघाटाजवळ गंगेवर पूल झाला, यात्रा महिन्यांवरून दिवसांवर आली. तरी सीलबंद गंगेचा गडू देवघरात ठेवणे, काशीहून परतल्यावर मावंदे घालणे, अंतकाळी त्यातले थेंबभर पाणी मुखात घालणे या चाली मराठी घरांत टिकल्या. गडूतली गंगा बंद असते, म्हणून निर्मळ राहते. वाहत्या गंगेच्या शुद्धीसाठी 14 जून 1986 रोजी वाराणसीच्या राजेंद्रप्रसाद घाटावरच गंगा कृती योजनेचा आरंभ करावा लागला, 2008 मध्ये तिला राष्ट्रीय नदी घोषित करण्यात आले, आणि सांडपाण्याचा प्रश्न त्यानंतरही उरला. नाशिकला रामकुंडापाशी दुसऱ्या गंगेचे पात्रही याच व्याधीने ग्रासलेले आहे.

कार्तिकी पौर्णिमेला काशीत देवदीपावली होते. त्या रात्री पंचगंगेवर अहिल्याबाईंच्या नावाने ओळखला जाणारा दगडी दीपस्तंभ उजळतो. महाराष्ट्रातल्या देवळांपुढे असतात तशाच घडणीचा हा स्तंभ आहे. एकनाथांनी भागवताची समाप्ती लिहिली, ती तिथीही हीच होती.