सागांच्या देशांतील चित्रपट

आइसलंडच्या लोकांना प्राणांहून प्रिय असें धन म्हणजे त्यांच्या सागा, अर्थात् जुन्या गद्य वीरकथा. त्यांतही ‘न्यालची सागा’ श्रेष्ठ मानितात. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धांत कोणा अज्ञात लेखकानें ती रचिली. न्याल या वृद्ध कायदेपंडिताला त्याचे वैरी घरासकट जाळतात, हा तिचा कळस. १९८० च्या सुमारास एका तरुणानें या सागेचा चित्रपट काढिला. ढाली-तलवारींच्या अपेक्षेनें जो बसला असेल, त्याला पडद्यावर दिसलें केवळ एक पुस्तक! पानें उलटत जातात, आणि दहनाचा प्रसंग येतांच पुस्तकच पेट घेतें. ही नुसती थट्टा नव्हे. ज्या ग्रंथाचें नांव सर्वांच्या ओठीं, तो उघडून वाचतो कोण, हा बोचरा प्रश्न तींत दडलेला आहे.

हा तरुण म्हणजे फ्रिद्रिक थोर फ्रिद्रिक्सन. जन्म १९५४. (तिकडे आडनांवें बहुधा नसतात, ‘फ्रिद्रिक्सन’ म्हणजे फ्रिद्रिकचा पुत्र, इतकेंच.) देशाची वस्ती त्या वेळीं सव्वादोन लाखांच्या आसपास, एवढ्याशा प्रेक्षकवर्गावर चित्रपटाचा खर्च निघणें दुरापास्तच. तरीही त्यानें अनुबोधपटांचा सपाटा लाविला. १९८२ सालीं राजधानी रेक्याविकमधील बंडखोर तरुण गायकांवर एक पट काढिला. त्यांतच परंपरागत ‘रीमुर’ कवनें म्हणणारा एक दाढीवाला वयस्क कविही आहे. १९८४ सालीं अमेरिकन गुराख्यांचा वेष करून गाणारे उत्तरेकडील कोळीगांवचे लोक त्यानें टिपले.

१९८५ चा ‘वर्तुळ’ मात्र अजब आहे. बेटाभोंवतीं तेराशेंहून अधिक किलोमीटरांचा रस्ता १९७४ सालीं पुरा झाला. फ्रिद्रिकनें मोटारीवर कॅमेरा बसवून दर बारा मीटरांस एक चित्र घेतलें. पडद्यावर सेकंदास चोवीस चित्रें, म्हणजे २८८ मीटर. ताशीं हजार किलोमीटरांहून अधिक वेग! ना कथा, ना पात्र. डोंगर, लाव्हाचीं मैदानें, पूल डोळ्यांसमोरून भिरभिरत जातात, आणि सुमारें सव्वा तासानें प्रेक्षक निघाला होता तेथेंच परततो.

या निरीक्षणाची खरी कमाई १९९१ च्या ‘निसर्गाचीं लेंकरें’ या कथापटांत दिसते. शेती सोडलेला एक म्हातारा शहरांत मुलीकडे येतो. तेथें तो अडचण ठरतो, वृद्धाश्रमांत जातो. आश्रमांत बालपणची मैत्रीण भेटते. दोघें एक जीपगाडी चोरून वायव्येकडील हॉर्नस्ट्रांदिर या आपल्या जन्मभूमीकडे पळतात. हा प्रदेश खराच ओस आहे. विसाव्या शतकाच्या मध्यास शेवटचे रहिवासी निघून गेले, आणि १९७५ सालीं तो राखीव झाला. ऑस्करसाठीं नामांकन मिळालेला हा पहिलाच आइसलंडी चित्रपट. भाषणें अगदीं थोडीं. पडकें घर, समुद्र, धुकें यांवर कॅमेरा जो रेंगाळतो, तो अनुबोधपटकाराचाच. किनाऱ्यास पोंचल्यावर म्हातारी मरते. म्हातारा कोणास हांक मारीत नाहीं, कारण तेथें कोणीच नाहीं. फळ्या गोळा करून तो स्वतःच तिची शवपेटी ठोकूं लागतो.