रेवतीची रिकामी जागा

संवत्सर पाडव्याला देवळाच्या सभामंडपात पंचांगवाचन होते. पाळीसारख्या डिचोली तालुक्यातील गावी ते श्रद्धेने ऐकले जाते. पाऊस किती, धान्य किती, अधिक मास कोणता, हे सारे कान देऊन टिपले जाते. परंतु ज्या मेषारंभापासून हा सगळा हिशेब सुरू होतो, त्या जागी आकाशात आहे तरी काय, असा प्रश्न क्वचितच कोणी विचारीत असेल. उत्तर काहीसे चमत्कारिक आहे. आज बहुतेक पंचांगे ज्या बिंदूला आरंभस्थान मानतात, तेथे नजरेत भरेल अशी एकही तारा नाही.

सूर्यसिद्धान्त ह्या बाबतीत दोन साक्षी देतो. रेवतीची योगतारा आरंभस्थानाच्या अवघ्या दहा कला अलीकडे, आणि चित्रा आरंभस्थानापासून बरोबर 180 अंशांवर. मीन राशीतील ज्या तारेला पाश्चात्त्य ज्योतिषी झीटा म्हणतात, तीच रेवती असे धरून मोजले, तर तिच्यापासून चित्रेपर्यंतचे अंतर सुमारे 184 अंश भरते. तेव्हा दोन्ही साक्षी एकाच वेळी खऱ्या ठरू शकत नाहीत. रेवती खरी मानावी तर चित्रा जवळजवळ चार अंश पुढे जाते. चित्रा खरी मानावी तर रेवतीची जागा तिच्या ताऱ्यापासून सुटते.

तारा एकीकडे आणि तिची जागा दुसरीकडे, ही कल्पना आपल्या पुराणकारांना मात्र अपरिचित नव्हती. मार्कण्डेय पुराणात कथा आहे. ऋतवाक् मुनींना रेवतीच्या अंती पुत्र झाला आणि तो दुराचारी निघाला. दोष मातापित्यांचा नव्हे, जन्मनक्षत्राचा, असे गर्गांनी सांगताच मुनींनी रेवतीला शाप दिला. रेवती आकाशातून निखळली आणि कुमुद पर्वतावर पडली. तोच पर्वत पुढे रैवतक झाला. तिच्या तेजापासून एक कन्या जन्मली. प्रमुच मुनींनी तिला वाढविले आणि तिचे नावही रेवतीच ठेविले. दुर्गम राजाशी विवाह ठरला तेव्हा कन्येने हट्ट धरला की लग्न रेवती नक्षत्रावरच लागले पाहिजे. मुनी म्हणाले, ते नक्षत्र आता आकाशात नाही. त्यावर तिने विचारले की तप काय एकट्या ऋतवाकांनीच केले, तुम्ही नाही? प्रमुचांनी आपले तपोबल पणाला लावले आणि रेवतीला पुन्हा चंद्राच्या मार्गावर बसविले. त्या दांपत्याचा पुत्र तो पाचवा मनू, रैवत.

वकिली पेशामुळे असेल, पण ही कथा वाचताना मला नेहमी एक शंका येते. रेवतीचे तेज तर खाली कन्येच्या रूपाने उभे होते. मग प्रमुचांनी वर बसविले ते काय? माझ्या मते, त्यांनी बसविले ते पद. ज्योत गेली तरी जागा चालू राहिली पाहिजे, नाहीतर मुहूर्त कशावर धरावयाचा?

अर्वाचीन काळी महाराष्ट्रात हाच प्रश्न पुन्हा उभा राहिला. केरो लक्ष्मण छत्रे यांच्या गणितावर 1865 साली पटवर्धनी पंचांग निघाले. त्यांनी आरंभ झीटा तारेपासून धरला. लोकमान्य टिळकांनी हाच पक्ष उचलून धरला. ह्या पक्षाला हट्टी म्हणण्याचे कारण नाही. त्यांच्या आरंभाजवळ निदान एक तारा आहे, मग ती पाचव्या प्रतीची, डोळ्यांना जेमतेम दिसणारी का असेना. व्यंकटेश बापूजी केतकरांनी चित्रेचा पक्ष घेतला. शेताच्या मेरेचा एक दगड नाहीसा झाला किंवा वादात सापडला, तर मोजणीदार समोरच्या शाबूत दगडापासून फीत टाकतो. केतकरांचा न्याय तोच. चित्रा पहिल्या प्रतीची, क्रांतिवृत्तापासून दोनच अंश दूर, ओळखण्यात कोणाची चूक होणे नाही. तिच्या समोर 180 अंशांवर जो बिंदू येईल तो मेषारंभ. तेथे तारा असो वा नसो. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालील पंचांग सुधारणा समितीने 1955 च्या अहवालात धार्मिक पंचांगासाठी जे स्थान स्वीकारले, तेही ह्याच बाजूचे: 21 मार्च 1956 रोजी संपातापासून 23 अंश 15 कला.

चार अंशांनी बिघडते काय, असे कोणी म्हणेल. तिथी बिघडत नाही. ती सूर्यचंद्रांच्या अंतरावर चालते, ताऱ्यांवर नाही. परंतु संक्रांत सुमारे चार दिवस मागेपुढे होते आणि त्यामुळे एखाद्या वर्षी अधिक मासच बदलतो. 2023 साली आपल्याकडची चवथ 19 सप्टेंबरला झाली. कोकणात टिळक पंचांग पाळणाऱ्या घरांत मात्र गणपती ऑगस्टमध्येच येऊन गेले होते. घरच्या गणपतीला हे निभावते. देवस्थानाच्या जत्रेला कसे निभावणार? शिरगावच्या श्री लईराईची जत्रा वैशाख शुद्ध पंचमीची. कोणता वैशाख निज, ह्यावर एकमत नसेल तर धोंडांनी व्रत कधी धरावे आणि होमखंड कधी रचावे? म्हणूनच मी चित्रेच्या बाजूचा आहे. ती अधिक प्राचीन आहे असे सिद्ध झाले म्हणून नव्हे. ती सर्वांना दिसते म्हणून.

जत्रेच्या रात्री दहा-अकराच्या सुमारास शिरगावहून दक्षिणेकडे मान वर करून पाहावे. बरीच उंच, पांढुरकी, एकटी अशी जी तारा दिसते ती चित्रा. तिच्या समोरची ती रिकामी जागा त्या वेळी बरोबर आपल्या पायांखाली, पृथ्वीच्या पलीकडे असते. आणि इकडे होमखंडाची लाकडे पेट घेत असतात.