बीदर-कलबुर्गीकडील लिपिव्यवहार

मराठीची देवनागरी, कन्नडची कन्नड आणि उर्दूची फारसी अशी लिप्यांची वाटणी आपण मनाशी करून टाकलेली असते. बीदर आणि कलबुर्गी या दोन जिल्ह्यांतील जुने लेखन चाळू लागले, की ही वाटणी किती अलीकडची आहे हे ध्यानात येते. त्या प्रांती लिपी भाषेपेक्षा कामाला अधिक बांधलेली होती. दप्तराची लिपी एक, पोथीची दुसरी, मदरशाच्या भिंतीवरची तिसरी. आणि या तिन्ही ठिकाणी कामे करणारी माणसे मात्र एकाच पेठेत राहणारी.

याचे सर्वांत बोलके उदाहरण आपल्या नित्यपाठातील एका ग्रंथात आहे. भीमा-अमरजेच्या संगमावरील गाणगापूर हे कलबुर्गी जिल्ह्याच्या अफझलपूर तालुक्यात, आणि गुरुचरित्राचा कर्ता सरस्वती गंगाधर याचे मूळ गाव म्हणून परंपरेने सांगितले जाणारे कडगंची हे त्याच जिल्ह्याच्या आळंद तालुक्यात. त्याची घरची भाषा कन्नड होती असे अभ्यासक मानतात; ग्रंथ मात्र त्याने मराठी ओवीत रचिला. एकेचाळिसाव्या अध्यायात त्याचा पूर्वज सायंदेव गुरूंची स्तुती करतो, तेव्हा ओवी थांबते आणि कन्नड पदे सुरू होतात. ही पदे पोथीत देवनागरीतच छापलेली असतात. सोलापूर-पुण्याकडे सप्ताह करणारी असंख्य माणसे ती श्रद्धेने म्हणतात. त्यांतील बहुतेकांना अर्थ लागत नाही.

येथे लिपीचा एक बारीक प्रश्न उभा राहतो. कन्नडात ए आणि ओ या स्वरांचे ऱ्हस्व आणि दीर्घ असे दोन प्रकार आहेत, आणि ते अर्थ बदलतात. ऱ्हस्व ओकाराने 'कोडु' म्हटले तर 'दे', दीर्घाने म्हटले तर 'शिंग'. ऱ्हस्व एकाराचे 'बेळे' म्हणजे पीक, दीर्घ एकाराचे म्हणजे डाळ. कलबुर्गीसारख्या तुरीच्या मुलखात हा भेद काही किरकोळ नव्हे! नेहमीच्या देवनागरीत दोन्ही शब्द एकसारखेच उमटतात. कन्नड जाणणारा प्रसंगावरून उच्चार जुळवून घेतो. न जाणणारा पिढ्यान्‌पिढ्या चुकीचा उच्चार पाठ करतो. वस्तुतः याला उपाय आहे. १९६६ साली सिद्ध झालेल्या परिवर्धित देवनागरीत ऱ्हस्व ए-ओसाठी ऎ, ऒ ही चिन्हे आहेत. प्रचलित पोथ्यांत मात्र ती आम्हांस आढळली नाहीत.

दप्तराची गोष्ट याहून निराळी. इ. स. १५३५च्या सुमारास पहिला इब्राहिम आदिलशहा गादीवर आल्यावर त्याने हिशेबाचे दप्तर फारसीतून काढून 'हिंदवी'त आणले व ब्राह्मण कारकुनांच्या हाती दिले, असे फेरिश्ता लिहितो. या हिंदवीचा अर्थ इतिहासकार सामान्यतः मराठी असाच करतात. आदिलशाही अमलातील कित्येक कागदांवर वर फारसी आणि खाली तोच मजकूर मोडीत असतो. मोडी ही घाईची लिपी. आधी ओळभर शिरोरेघ ओढून घ्यावयाची आणि मग बोरू शक्यतो न उचलता अक्षरे लोंबवीत जावयाचे. ऱ्हस्व-दीर्घाची फिकीर ती बहुधा करीत नाही, आणि जमाखर्चाला त्यावाचून अडतही नाही.

फारसी लिपीने या प्रांताला जे दिले, त्यातील शोभेचा भाग सर्वांच्या परिचयाचा आहे. महमूद गवानाच्या १४७२च्या मदरशावरील रंगीत फरशीकाम किंवा अष्टूर येथील अहमदशहा वलीच्या कबरीतील सोनेरी अक्षरे पाहावयास प्रवासी आजही जातात. इतिहासाच्या दृष्टीने तिचा दप्तरातील संसार अधिक महत्त्वाचा. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस निजामाच्या राज्यात फारसीची जागा उर्दूने घेतली. लिपी तीच राहिली. उर्दूत ळ नाही, म्हणून आळंदचे 'आलंद' झाले. ऱ्हस्व स्वर लिहिण्याची चाल नसल्याने शेताचे वा माणसाचे अपरिचित नाव कागदावरून नेमके उच्चारणे हा तर्काचा विषय होऊन बसतो.

पुढे १ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद राज्याचे विभाजन झाले. बीदर जिल्ह्याचे अहमदपूर, निलंगा आणि उदगीर हे तालुके मुंबई राज्यात आले, नारायणखेड आंध्रात गेले, आणि बीदर, भालकी, हुमनाबाद, औराद, कल्याणी हा भाग म्हैसूर राज्यात राहिला. भाषेच्या तत्त्वावर झालेल्या या विभागणीबरोबर दप्तराची लिपीही वाटली गेली. भालकीकडील शेताची आजची पहाणी कन्नडात. त्याच शेताची निजामकालीन नोंद उर्दूत. आणि घरच्या रुमालात बांधलेले वतनाचे कागद मोडीत. ज्या घरातील मूल मराठी शाळेत जाऊन बालबोध शिकते, त्या घराला आपल्याच बांधाचा वृत्तांत वाचण्यास आणखी तीन लिप्या लागतात. तुर्कस्तानात १९२८ साली अरबी लिपी जाऊन रोमन आली आणि नातवाला आजोबांचे पत्र वाचता येईनासे झाले. ते एका कायद्याने, एकदम झाले. येथे तसा कायदा कोणी केला नाही, आणि म्हणूनच कदाचित ही हानी कोणाच्या डोळ्यांत भरली नाही. वाद होत राहिले ते गावे कोणाची यावर. कागद कोण वाचणार, हा प्रश्न मागेच राहिला.

मोडीला २०१४ साली युनिकोडमध्ये स्थान मिळाले, ही समाधानाची गोष्ट होय. तथापि संगणकात अक्षर असणे आणि कसर लागलेला कागद लावता येणे यांत पुष्कळ अंतर आहे. मोडीचे वर्ग महाराष्ट्रात भरतात, तेथे शिकविले जाणारे नमुने बहुधा पेशवाई दप्तरातले असतात. आदिलशाही आणि निजामशासित मुलखातील मोडीत फारसी शब्दांचा भरणा अधिक, आणि कानडी गावांची व शेतांची नावे जागोजाग. ती वाचण्यास नुसता मोडीवाचक पुरत नाही. शेजारी एक उर्दू जाणणारा आणि एक कन्नड जाणणारा बसावा लागतो. परिषदेने असा एक वर्ग पुण्या-औरंगाबादेऐवजी भालकी किंवा बसवकल्याण येथे भरवावा, आणि लोकांनी घरचे रुमाल घेऊनच तेथे यावे, असे आम्ही सुचवितो.