पॅरिसला न पोहोचलेले टिळक

निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली, पण वर्गात दिलेलं एक चुकीचं उत्तर अजून डाचतं.

नववीचा वर्ग. फळ्यावर अमेरिकेचे अध्यक्ष विल्सन यांची १४ कलमं. पहिल्या महायुद्धात दहा लाखांहून अधिक हिंदी सैनिक समुद्रापार गेले, हे मी नुकतंच सांगितलं होतं. मागच्या बाकावरचा एक मुलगा उठला, "सर, मग तहाच्या वेळी आपलं म्हणणं कोणीच मांडलं नाही?" "आपण पारतंत्र्यात होतो ना," असं म्हणून मी पुढच्या कलमाकडे वळलो.

पुढे वाचनात आलं, की मांडलं होतं! चिरोल खटल्यासाठी लोकमान्य टिळक तेव्हा लंडनमध्ये होते. शांतता परिषदेसाठी काँग्रेसने १९१८ च्या दिल्ली अधिवेशनात त्यांना प्रतिनिधी निवडलं होतं, पण सरकारने पॅरिसला जाऊ दिलं नाही. खटलाही फेब्रुवारी १९१९ मध्ये हरले. तरी ११ मार्चला त्यांनी परिषदेचे अध्यक्ष क्लेमांसो यांना पत्र लिहिलं. आशय असा: हिंदुस्थानला दुसऱ्याची भूमी नको, त्याला स्वयंनिर्णयाचा हक्क द्या, म्हणजे जगाची शांतता राखायला तो पूर्वेकडे राष्ट्रसंघाचा मोठा आधार होईल.

यातली मेख पाहा. युद्धातल्या मदतीचं बक्षीस म्हणून नव्हे, तर जगाच्या शांततेसाठी आवश्यक गोष्ट म्हणून त्यांनी स्वराज्य मागितलं.

गंमत म्हणजे खुर्ची हिंदुस्थानला मिळाली. २८ जून १९१९ रोजी व्हर्सायच्या तहावर माँटेग्यू आणि बिकानेरचे महाराज गंगासिंह यांनी हिंदुस्थानतर्फे सह्या केल्या. आपण राष्ट्रसंघाचे सभासदही झालो. पण प्रतिनिधी ठरवणार सरकार! १ ऑगस्ट १९२० ला टिळक गेले. आणि ३ सप्टेंबर १९३९ रोजी इथल्या पुढाऱ्यांना न विचारता व्हाइसरॉयने हिंदुस्थान युद्धात असल्याचं जाहीर केलं. वीस वर्षांपूर्वीच्या त्या सहीची किंमत तेव्हा कळली.

असो. कळव्यात सकाळी गॅलरीत बसून वर्तमानपत्र चाळताना तहाच्या वाटाघाटींची बातमी दिसली, की मी अटी नंतर वाचतो. आधी बघतो, ज्यांच्या घरादाराचा निर्णय व्हायचा आहे ते तिथे बसलेत का.

तो मुलगा आता पन्नाशीच्या आसपास असेल. कधी कळवा स्टेशनवर भेटला, तर एवढं उत्तर त्याला द्यायचं राहिलंय.