पिंझा यांचा उतारवयांतील डाव

ऑपेराचा नामवंत गायक हलक्याफुलक्या नाटकांत किंवा दूरचित्रवाणीवर दिसूं लागला, कीं त्यानें विद्या विकली असें म्हणणारे रसिक सर्वत्र भेटतात. इटालियन खर्जगायक एत्सियो पिंझा (१८९२–१९५७) यांच्याबाबत हा निवाडा आम्हांस मान्य नाहीं.

रोममध्यें जन्मलेले आणि राव्हेन्नांत वाढलेले पिंझा तरुणपणीं सायकलच्या शर्यतींच्या नादीं होते. स्वरलिपि त्यांस वाचतां येत नसे. भूमिका ते ऐकून पाठ करीत. गुरुमुखानें शिकण्याची परंपरा ठाऊक असलेल्या आमच्या वाचकांस याचें फारसें नवल वाटणार नाहीं. युरोपांत मात्र तें नवलच. १९१४ मध्यें त्यांनीं रंगभूमीवर पाऊल टाकलें, तों महायुद्धानें चार वर्षें गिळलीं. पुढें मिलानच्या ला स्काला नाट्यगृहांत तोस्कानिनींच्या हाताखालीं ते घडले आणि १९२६ मध्यें न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरांत दाखल झाले. तेथें २२ हंगाम ते गायिले. खर्जाच्या गायकाच्या वांट्यास बहुधा राजे, पुरोहित आणि म्हातारे बाप येतात. पिंझांची कीर्ति मात्र मोझार्टच्या स्त्रीलंपट दोन जोव्हान्नीनें झाली, आणि ती जितकी गळ्याची तितकीच चालीची, नजरेची, देहबोलीचीही होती. त्यांच्यांतील नट उतारवयांत उपजला नाहीं, तो पहिल्यापासून होताच.

मार्च १९४२ मध्यें याच गायकास अमेरिकेच्या पोलिसांनीं शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून पकडलें आणि एलिस बेटावर सुमारें अकरा आठवडे डांबलें. नागरिकत्व मिळण्यास थोडेच महिने उरले होते. दुसऱ्या चौकशीनंतर ते सुटले. सोळा वर्षें ज्या शहरानें टाळ्या दिल्या, त्याच शहराच्या बंदरांत ही कैद! तिच्यापुढें पुढच्या तथाकथित अधःपाताची चर्चा आम्हांस पोरकट वाटते.

१९४८ मध्यें मेट्रोपॉलिटन सोडून, दुसऱ्याच वर्षीं ते 'साउथ पॅसिफिक' या संगीत नाटकांत उतरले. भूमिका फ्रेंच मळेवाल्याची, उच्चार अस्सल इटालियन. प्रेक्षकांची कांहीं तक्रार नव्हती. आठवड्यास आठ प्रयोग असल्यानें गाणें थोडें आणि बोलणें पुष्कळ. १९५० मध्यें त्यांस या भूमिकेबद्दल टोनी पारितोषिक मिळालें.

१९५३ च्या शरद् ऋतूंत एन. बी. सी. वर 'बोनिनो' ही मालिका सुरू झाली. तींत ते एक विधुर ऑपेरागायक होते. दौरे सोडून मुलांचा संसार सांभाळूं पाहणारे. मालिका वर्षअखेरीसच आटोपली. आमच्या मतें दोष माध्यमाचा नव्हता. ज्याच्या आर्जवांत नेहमीं थोडा धोका दडलेला असे, अशा नटास निरुपद्रवी बाप केल्यावर शिल्लक काय राहणार?

पिंझा १९५७ मध्यें वारले. पुढच्या वर्षीं 'साउथ पॅसिफिक'चा चित्रपट निघाला, तेव्हां त्या एका भूमिकेसाठीं दोन माणसें लागलीं: चेहरा रोसानो ब्राझी यांचा आणि आवाज मेट्रोपॉलिटनच्याच जॉर्जियो टोझी यांचा.